हंटरवाली म्हणजे शिकारी बाई नव्हे

प्रश्न असा आलाय की शाळेत एका कडक बाईंना सगळी पोरं 'हंटरवाली' म्हणायची, पण हंटर म्हणजे तर शिकारी, मग ही कसली शिकार करते, आणि शब्द मराठी की हिंदी?

आधी हंटर बघू. इंग्रजीत शिकारी हे बरोबरच, पण आपल्याकडे हंटर म्हणजे चाबूक, साहेब घोड्यावर बसून शिकारीला निघाला की हातात असायचा तो. आता शिकारीचा चाबूक असं लांबलचक कोण म्हणत बसणार, माझ्या मते म्हणूनच हंटर एवढंच उरलं. बैलाला आसूड, टांगेवाल्याकडे चाबूक, पण सर्कशीत वाघापुढे रिंगमास्टर फटकारायचा तो हंटरच, तिथे आसूड म्हणून बघा, कसं विचित्र वाटतं ते.

'वाली' हिंदीतनं आली आणि भाजीवाली-फुलवालीत कधीच रुळली. पण हंटर आणि वाली यांची गाठ खरी घट्ट झाली ती 1935 च्या 'हंटरवाली' या वाडिया मूव्हीटोनच्या हिंदी सिनेमाने. बोलपट येऊन जेमतेम चार वर्षं झालेली, आणि नायिका कोण तर सोनेरी केसांची, निळ्या डोळ्यांची मेरी इव्हान्स, पडद्यावरचं नाव नाडिया! 1908 साली ऑस्ट्रेलियात पर्थला जन्म, वडील ब्रिटिश फौजेत, लहानपणीच मुंबईत आली, पुढे नाचाच्या कंपनीबरोबर फिरली, सर्कसही केली. म्हणजे हंटरशी ओळख आधीचीच म्हणायची :)

गोष्ट साधीच, राजाला दगा देणारा मंत्री, आणि राजकन्या माधुरी तोंडाला मुखवटा लावून, हातात हंटर घेऊन, घोड्यावरनं जुलमी लोकांना बडवते. मारामाऱ्या, उड्या सगळं बाई स्वतः करायची, डबल वगैरे नाही. पिक्चर तुफान चालला आणि त्या नावाचे पट्टे, चाबूक, काड्यापेट्यासुद्धा बाजारात आल्या, ते विकणाऱ्यांनी वाडियांना विचारलंही नसणार, पण शब्द थेटराबाहेर पडला तो असा. काडीपेटीवरचा शब्द घरात पोचायला वेळ लागत नाही.

जाता जाता नावाचं. नादिया लिहायचं की नाडिया यावर लोक वाद घालतात. वाडिया मूव्हीटोनच्या जमशेद वाडियांना तिचं नाव नंदादेवी करायचं होतं, वर काळ्या लांब वेण्यांचा टोप. तिने सांगितलं की हे काँट्रॅक्टमध्ये नाही, मी काही देवी नाही आणि नाडिया वाडियाशी जुळतं. आता यमकच जुळवायचं तर ड शिवाय गत्यंतर नाही, म्हणून मी तरी नाडियाच लिहितो. 1961 मध्ये जमशेदचे भाऊ होमी वाडिया यांच्याशीच लग्न केलं, म्हणजे शेवटी नाडिया वाडिया झालीच.

आता मूळ प्रश्न. सिनेमातली हंटरवाली गरिबांची कैवारी होती, हंटर बसायचा तो जुलमी माणसाला. आपण बोलताना म्हणतो ती हंटरवाली मात्र आपल्यालाच धाकात ठेवते, मग बाई असोत, सासू असो नाहीतर ऑफिसातली मॅनेजर. कैवार गळून पडला, चाबूक तेवढा राहिला. आणि गंमत बघा, कडक सरांना कुणी 'हंटरवाला' म्हणत नाही, त्यांना हिटलर म्हणतात. व्याकरणाने भाजीवाला-भाजीवाली अशी जोडी लागते तशी इथे लागतच नाही, कारण हा शब्द व्याकरणातनं नाही, एका बाईच्या पोस्टरवरनं आलाय. तेव्हा मूळ हिंदी, पण 'आली बघ हंटरवाली' म्हणताना कुणाला हिंदी बोलल्यासारखं वाटत नाही, म्हणून मी तरी तो मराठीतच धरतो. लिहिताना एकत्र लिहा, 'हंटर वाली' असं तोडू नका.