सात महिन्यांच्या लेकरासाठी हलकी, घडी होणारी बाबागाडी कोणती घ्यावी?

तुमचं लेकरू सात महिन्यांचं, घर लातूरला तिसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही, महिन्यातून दोनदा एसटीनं गावाकडं जाणं आणि बजेट आठ हजारांपर्यंत. पाच किलोची घ्यावी की साडेसहा किलोची, असं तुम्ही विचारलंय.

मी सांगेन, वजनापासून सुरुवातच करू नका. दीड किलोचा फरक जिन्यात जाणवतो हे खरं, पण बाबागाडी घरात धूळ खात पडते ती वजनामुळं कमी आणि चाकं चालत नाहीत म्हणून जास्त. आधी चाकं बघा, मग घडी, मग वजन.

हलक्या गाड्यांची चाकं बहुतेक पाच-सहा इंचांची असतात. दुकानातल्या गुळगुळीत फरशीवर ती लोण्यासारखी फिरतात, म्हणून तिथला अनुभव खरा धरू नका. आपल्याकडं गाडी चालते ती उखडलेल्या पेव्हर ब्लॉकवर, गल्लीतल्या गतिरोधकावर आणि मुरूम टाकलेल्या रस्त्यावर. पाच इंची चाकाचा मध्य जमिनीपासून अडीच इंचांवर असतो. समोर एक इंचाची कड आली की तिची धार त्या उंचीच्या जवळजवळ निम्म्यापर्यंत येते. मग चाक चढत नाही, अडतं. आणि मागून लावलेला जोर गाडीला पुढं कलंडवतो. सात इंची चाक तीच कड बरीच सहज ओलांडतं. म्हणून पुढची चाकं किमान सहा इंचांची बघा, मागची त्याहून थोडी मोठी असली तर उत्तम. पाच किलोच्या आतल्या गाड्यांत चाकं बहुधा बारीकच मिळतात, आणि माझा कल साडेसहा किलोच्या गाडीकडं आहे तो यामुळंच.

चाकाचा माल अंगठ्याचं नख दाबून बघा. कडक प्लास्टिक अजिबात दबत नाही, ते रस्त्यावर खडखडतं आणि प्रत्येक खड्डा लेकराच्या पाठीपर्यंत पोचवतं. ईव्हीए फोम (रबरासारखा मऊ, हलका फोम) किंवा रबर किंचित दबतं, ते घ्या. हवा भरायची चाकं सगळ्यांत मऊ चालतात, पण ती जड असतात आणि आपल्याकडं बाभळीच्या काट्यापुढं टिकत नाहीत. पुढची चाकं गोल फिरणारी हवीतच, पण ती सरळ अडकवून ठेवायची कळ दोन्ही बाजूंना असायला हवी. खडबडीत रस्त्यावर मोकळी चाकं थरथरतात आणि आडवी होऊन अडतात. तिथं कळ लावायची. गतिरोधक आला की सरळ ढकलू नका. हँडल खाली दाबून पुढची चाकं उचला, पलीकडं टेकवा, मग मागची न्या. पावसाळ्यात काळ्या मातीत तर गाडी नेऊच नका. माती चाक आणि फोर्कच्या (चाक धरणाऱ्या दांडीच्या) मधल्या फटीत गच्च बसते, चाक फिरायचं थांबतं आणि ते फरफटत नेलं तर टायर एका जागी घासून चपटा होतो.

घडीचे दोन मुख्य प्रकार आहेत. एक छत्रीसारखी मिटणारी. ब्रिटिश इंजिनिअर ओवेन मॅक्लारेन यांनी १९६५ मध्ये हलक्या ॲल्युमिनियमच्या नळ्यांची पहिली अशी गाडी तयार केली. त्याआधी ते विमानांच्या, त्यातही स्पिटफायरच्या, मिटणाऱ्या चाकांच्या रचनेवर काम करत होते, म्हणून नळ्या एकमेकींत दुमडायचं गणित त्यांना पाठच होतं. ही गाडी मिटली की बारीक होते पण लांब राहते, साधारण मीटरभर. दुसरा प्रकार सुटकेससारखा: आडवी-उभी दुमडून ५० ते ६० सेंटिमीटरचा गठ्ठा होतो आणि तो स्वतःच्या पायावर उभा राहतो. एसटीनं जायचं असेल तर दुसरा. मीटरभर लांब गाडी गर्दीत दोन सीटच्या मध्ये आडवी येते; गठ्ठा पायाशी उभा करता येतो. तुमच्याकडं सीएनजीची कार असती तर मात्र मी उलटं सांगितलं असतं, कारण टाकीमुळं डिकीत उरलेल्या अरुंद पट्टीत छत्रीवाली आडवी बसते, गठ्ठा बसत नाही. छत्रीवालीला दोन वेगळ्या मुठी असतात, त्यामुळं एका हातानं ती सरळ ढकलता येत नाही, हेही ध्यानात असू द्या.

‘एका हातानं मिटते’ असं बहुतेक खोक्यांवर लिहिलेलं असतं. दुकानदारानं मिटून दाखवली तर समाधान मानू नका. लेकरू तुमच्या कडेवर घ्या आणि दुसऱ्या हातानं स्वतः मिटा, तीन वेळा. मिटण्याआधी पाठ उभी करावी लागते का, वरचं छत मागं घ्यावं लागतं का, हे तेव्हाच कळतं. ते विसरलं तर गाडी अर्धवट मिटते, बाजूची कडी लागत नाही आणि जिन्यात हातातच उघडते. उघडताना ‘टक्’ असा आवाज येईपर्यंत गाडी पूर्ण उघडा, मग सीटची मधली पट्टी हातानं हलवून बघा. लॉक न बसलेली गाडी लेकरासकट मिटू शकते.

बिजागरीपाशी लेकराचं बोट येणार नाही ना, हेही बघा. अमेरिकेत २००९ मध्ये मॅक्लारेनच्या सुमारे १० लाख गाड्या याच कारणावरून परत बोलावल्या गेल्या. बिजागरीत सापडून मुलांच्या बोटांची टोकं तुटल्याच्या १२ घटना तेव्हा नोंदल्या गेल्या होत्या. त्यानंतर बिजागरीवर कापडी झाकणं आली. पण झाकण असलं तरी गाडी उघडताना-मिटताना लेकरू हाताच्या अंतरावर नको, मग ती कुठल्याही कंपनीची असो.

आता वजन. सात महिन्यांचं मूल सरासरी आठ किलोच्या आसपास असतं. त्यात साडेसहा किलोची गाडी आणि तीन किलोची पिशवी धरली तर तिसऱ्या मजल्यावर जाताना साडेसतरा किलो. दोन फेऱ्या करायच्या ठरवल्या तर लेकरू आधी वर न्या, गाडी खाली राहू द्या, उलट नको. एकाच फेरीत न्यायचं असेल तर खांद्याला अडकवायचा पट्टा असलेलीच गाडी घ्या, म्हणजे कठड्याला धरायला हात मोकळा राहतो. लेकरू बसलेलं असताना दोघांनी गाडी पालखीसारखी उचलून जिना चढणं मात्र कटाक्षानं टाळा, विशेषतः पुढच्या आडव्या दांडीला धरून. ती दांडी बटण दाबून काढता येते, म्हणजे ओढल्यावर निसटूही शकते.

पट्टा पाच टोकांचा हवा: दोन खांद्यांवर, दोन कमरेला, एक पायांच्या मधून. मधला पट्टा लावायचा कंटाळा करू नका, लेकरू खाली सरकतं तेव्हा तोच अडवतो. सात महिन्यांचं बाळ आधारानं बसतं, त्यामुळं पूर्ण सपाट सीटची गरज नाही, पण झोपल्यावर पाठ बरीच मागं गेली पाहिजे. फार ताठ बसलेल्या स्थितीत झोप लागली की हनुवटी छातीवर टेकते आणि श्वासाला अडथळा येतो. घरी पोचल्यावर गाडीतच झोपू देऊ नका, काढून सपाट जागी झोपवा.

उन्हाबद्दल थोडं सविस्तर सांगतो, कारण इथंच सगळ्यांत जास्त चूक होते. ऊन लागू नये म्हणून गाडीवर ओढणी किंवा टॉवेल टाकतात. त्यानं सावली होते, पण आतली हवा कोंडते आणि बाहेरपेक्षा गरम होते. आतलं लेकरू दिसत नाही ते वेगळंच. आपल्या एप्रिल-मेमध्ये पारा चाळिशीच्या वर असताना हे धोक्याचं आहे. कपाळापासून गुडघ्यापर्यंत येणारं मोठं छत आणि पाठीला जाळी असलेली गाडी घ्या. काळं कापड दिसायला छान, पण ऊन ओढतं. फिका राखाडी रंग बरा. उन्हात उभ्या राहिलेल्या गाडीत लेकराला ठेवण्याआधी पट्ट्याची कडी आणि सीटची नळी हात लावून बघा, चटका बसण्याइतकी तापलेली असते. अकरा ते पाच बाहेर काढूच नका.

ब्रेक एका पायानं दोन्ही मागची चाकं अडवणारा हवा. चप्पल घालून लावता-सोडवता येतो का बघा. पिशवी हँडलला अडकवायची नाही. लेकरू उचललं की पुढचं वजन जातं आणि गाडी मागं पडते, कधी लेकरू असतानाही. पिशवी खालच्या जाळीत ठेवा.

दुकानात घेताना गाडी सपाट फरशीवर ठेवून चारही कोपरे एकेक करून दाबा. कुठलंही चाक अधांतरी असेल तर सांगाडा पिळलेला आहे, दुसरी मागा. हँडल धरून डावी-उजवी हलवा, सांध्यांत खडखड नको. वजनाची मर्यादा १५ किलो असेल तर साधारण तीन वर्षं भागतं. वॉरंटी चाकांना आहे का आणि सुटी चाकं मिळतात का, हे आधी विचारा, कारण झिजतं तेच. ऑनलाइन मागवली तर खोकं उघडतानाचा व्हिडिओ काढा आणि परत करायची मुदत संपण्याआधी एकदा रस्त्यावर फिरवून आणा. आठ हजारांत सुटकेस-घडीची चांगली गाडी मिळते; ‘विमानाच्या केबिनमध्ये चालते’ या शिक्क्यासाठी जादा पैसे देऊ नका, तुम्हाला त्याचा उपयोग नाही.

धूळ फार असल्यानं महिन्यातून एकदा चाकं काढून ॲक्सलला गुंडाळलेले केस-धागे काढा आणि कोरड्या फडक्यानं पुसा. खोबरेल किंवा शिलाई मशीनचं तेल घालू नका, त्यावर धूळ चिकटून चाक आणखी जड होतं. सिलिकॉन स्प्रेचा एक फवारा पुरतो. गाडी गच्चीवर ठेवू नका, उन्हानं प्लास्टिक ठिसूळ होतं.

तुळजापूरला पायऱ्या उतरून जायचं असतं आणि वेरूळ-अजिंठ्यालाही पायऱ्या आहेत. तिथं गाडी ओझंच होईल. ती घरी ठेवून पोटाला बांधायची कॅरिअर न्या.