मोबाईल वापरणाऱ्या वारल्याची निसर्गपूजा संपली का?

प्रश्न आहे : 'आदिवासी स्वतःला निसर्गपूजक म्हणवतात, पण आता पाड्यापाड्यावर बाईक, मोबाईल, स्लॅबची घरं आली. मग ती श्रद्धा खरंच उरली आहे का?'

मी वारली, जव्हारकडचा. हेच मला कॉलेजच्या एका मित्राने आमच्याच ओट्यावर बसून विचारलं होतं. पहिला पाऊस पडून गेलेला, घरामागे कवळीचे कोंब वर आलेले. रानभाजीचं कौतुक म्हणून त्याने मूठभर खुडून आजीच्या हातात दिले. आजीने चुलीकडे पाहिलंसुद्धा नाही. "देवाने अजून खाल्ली नाय, तू कशी खाशील?" एवढंच म्हणाली. आमच्याकडे भगत, म्हणजे पाड्याचा पुजारी, देवाला नवी भाजी दाखवतो, मगच घरोघरी शिजते. मित्र हसला, अंधश्रद्धा म्हणाला. मी तेव्हा सायन्सला, एकोणीस वर्षांचा. मीही हसलो. आजीसमोर.

पुढे कळलं की कवळीचा कंद म्हणजेच सफेद मुसळी. कोंब उगवल्या उगवल्या खुडले तर कंदाला बळ धरायला पानंच उरत नाहीत. देवाच्या नावाने तिला थोडे दिवस मिळतात. पण आजीला हे शास्त्र ठाऊक होतं असं मी म्हणणार नाही. तिच्या लेखी तो पंक्तीचा मान होता : देव आधी, आपण नंतर.

'निसर्गप्रेम' हा शब्द शहरातला. आमचं रानाशी देणंघेणं आहे, त्यात भीतीही आहे. वाघबारशीला वाघोबाला कोंबडं देतो ते वाघ देखणा म्हणून नव्हे. गुरं सोड, माणसं सोड, असा करार आहे तो. करार मोडायला मोबाईल लागत नाही, हाव पुरते. आणि 2006 च्या वनहक्क कायद्याने गौण वनउपजाचा, म्हणजे इमारती लाकूड सोडून रानातल्या कंद, मध, पानांसारख्या गोष्टींचा, हक्क दिला तो रानावर अवलंबून राहणाऱ्यांना. त्यांनी बाईक घ्यायची नाही असं त्यात कुठेही लिहिलेलं नाही.

सगळेच नियम पाळतात असं मात्र नाही. मुसळीला व्यापारी पैसे मोजतो म्हणून आमचीच पोरं कंद उपटतात, त्यात माझा चुलतभाऊही आहे. त्याच्याशी भांडतो मी, पण माझा पगार दर महिन्याला येतो आणि त्याचा नाही, तेव्हा फार ताणत नाही.

तुम्हाला खरंच बघायचं असेल तर जूनमध्ये पाड्यावर या आणि आधी बोलावू द्या. तो मित्र हल्ली देवराईचे फोटो टाकतो, खाली पूर्वजांचं शहाणपण वगैरे लिहितो. त्याला एवढंच सांगायचंय : तुझी ती मूठभर कवळी आजीने शेळीला घातली. शेळीला नियम नाही.