जाणाऱ्याला जाऊ द्यावे

प्रिय मित्रा,

तुझे पत्र वाचले. रस्ता विचारायला थांबलेल्या परगावच्या माणसाबरोबर तू संध्याकाळभर शहर पायी फिरलास, घरच्यांनाही न सांगितलेले दुःख त्याने तुझ्यापाशी बोलून दाखवले, आणि आता तो तुझ्या संदेशांना उत्तर देत नाही म्हणून ती सगळी संध्याकाळच खोटी होती असे तू ठरवून बसला आहेस. मला हे मुळीच मान्य नाही.

अरे, तो जाणार होता म्हणूनच बोलला! जवळच्यांपासून जपून ठेवलेल्या गोष्टी माणसे परक्यापुढे कबुलीजबाबासारख्या उघड करतात, हे गेऑर्ग झिमेल या जर्मन समाजशास्त्रज्ञाने १९०८ मध्येच नोंदवले आहे. ज्याची पुन्हा गाठ पडायची नाही, त्याच्यापुढे मन मोकळे करताना संकोच वाटत नाही. तुझा प्रत्येक संदेश तो संकोच त्याच्याकडे परत पोहोचवतो. जाणाऱ्याला जाऊ द्यावे.

मात्र 'यापुढे अनोळखी माणसाशी बोलणारच नाही' ही तुझी प्रतिज्ञा पोरकट आहे. शहरात इतकी माणसे समोर येतात की प्रत्येकाची दखल घेणे झेपत नाही, म्हणून शहरवासी टाळायला शिकतो, असे अमेरिकन मानसशास्त्रज्ञ स्टॅन्ली मिलग्रम यांनी १९७० मध्ये मांडले. ही सवय समजण्यासारखी आहे, पण तिला शहाणपण म्हणू नये. निकोलस एप्ली आणि ज्युलियाना श्रोडर या मानवी वर्तनाच्या अभ्यासकांनी २०१४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत, शिकागोच्या रेल्वेप्रवाशांना अनोळखी शेजाऱ्याशी बोलण्यापेक्षा गप्प बसणेच सुखाचे वाटेल असा अंदाज होता. प्रत्यक्षात ज्यांना बोलायला सांगितले, त्यांचाच प्रवास अधिक आनंदात गेला. तेव्हा बोलावे, अवश्य बोलावे, आणि जाणाऱ्याला जाऊ द्यावे.

वाटेत भेटलेल्यांची नावे मी विचारत नाही, पत्ते ठेवत नाही, म्हणून लोक मला कोरडा म्हणतात. म्हणोत बापडे. पाय थांबवून नीट ऐकणे, आणि रस्ता ठाऊक नसेल तर अंदाजाने न सांगता तसे स्पष्ट सांगणे, एवढे आतिथ्य मी कधी चुकवलेले नाही; नंतरचा तगादा हा आतिथ्याचा भाग आहे, असे मला कोणी पटवून दिलेले नाही. अशाच वाटेत भेटलेल्या एका वृद्ध बाईंचे पुढे काय झाले, ही रुखरुख मला आजही आहे, पण ती माझी आहे आणि तिचा भार त्यांच्यावर टाकण्याचा मला अधिकार नाही.

त्याला पाठवायच्या नव्या संदेशाचा मसुदा तू मला तपासायला दिला आहेस. तो मी तपासणार नाही.

तुझा,
एक ज्येष्ठ स्नेही