कादंबरीतल्या माझ्या जगात पडक्या वाड्यांतून ‘काळाचा गाळ’ उपसतात. त्यावर राज्याचं नियंत्रण कसं दाखवू?

वाळूसारखं दाखवा: मालकी राजाची, ठेका लिलावाने आणि खरी पकड वाहतुकीवर. पडक्या वाड्यात उपसा कोण बघतो? पण माल नाक्यावरून न्यावाच लागतो. म्हणून पावती, सीलबंद मडकं, अंधार पडल्यावर नेण्यास बंदी. आपल्याकडे वाळू, मुरूम अशा गौण खनिजांच्या ठेक्याचं आणि वाहतूक पावतीचं साधारण असंच आहे. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८(७) नुसार बेकायदा उपशाला बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. चोरीही तिथलीच उचला, एकाच पावतीवर तीन खेपा (गोष्टीला मजा त्यानेच येईल). मात्र वाळू पुराबरोबर थोडीफार परत येते. तुमचा गाळ पुन्हा साचत नसेल तर लिलाव नकोच, सरसकट बंदी आणि मोजके परवाने ठेवा.