निविदेविरुद्धची याचिका प्रलंबित असतानाच काम पूर्ण होत आलं, तर केस संपते का?

सोलापुरातल्या रस्त्याच्या कामात तांत्रिक लिफाफ्यातच, म्हणजे पात्रतेची कागदपत्रं तपासतानाच, तुम्हाला अपात्र ठरवलं, उच्च न्यायालयातल्या रिट याचिकेत स्थगिती मिळाली नाही आणि आता रस्ता होत आला. मग केसमध्ये काय उरलं, असं तुम्ही विचारलंय.

निविदा रद्द करून काम आम्हाला द्या, ही मागणी आता बहुतेक निष्फळ ठरेल. डांबर पडलेला रस्ता कोर्ट उखडायला लावत नाही. पण निविदेसोबत भरलेली इसारा रक्कम (अनामत) जप्त झाली असेल किंवा काळ्या यादीत टाकलं असेल, तर तो वाद जिवंत राहतो. याचिकेत ही मागणी स्वतंत्रपणे नसेल तर लगेच दुरुस्ती अर्ज द्या.

नुकसानभरपाईला दिवाणी दावा लागतो, मुदत साधारण 3 वर्षं. तिथे अडचण अशी की तुमचा दर सर्वात कमी होता हे तुम्हालाच सिद्ध करावं लागतं, आणि अपात्र ठरलेल्याचा आर्थिक लिफाफा, म्हणजे ज्यात त्याचा दर असतो तो, पोर्टलवर उघडलेलाच नसतो. तो जपून ठेवावा आणि कोर्टापुढे आणावा, अशी मागणी याचिका चालू असतानाच करा. याचिका मागे घेतलीत, तर 'इतर कायदेशीर मार्ग खुले ठेवून' हे शब्द आदेशात आलेच पाहिजेत. नुसतं 'निष्फळ म्हणून निकाली' एवढ्यावर थांबू नका.

खरा घात सुरुवातीलाच होतो. अपात्र ठरल्यावर ठेकेदार अभियंत्याकडे तक्रार करतो, माहिती अधिकाराचा अर्ज टाकतो, त्याच्या उत्तराची मुदत 30 दिवस. तेवढ्यात दर मंजूर होऊन कार्यारंभ आदेश निघतो. महाटेंडर्सवरचा (राज्य सरकारच्या ई-निविदा पोर्टलवरचा) तांत्रिक छाननीचा निकाल त्याच दिवशी उतरवून घ्यावा आणि त्यावरच याचिका करावी. अट मुळातच चुकीची असेल तर निविदा भरण्याआधीच कोर्टात जावं. भाग घेऊन हरल्यावर कोर्ट ती तक्रार ऐकून घेत नाही. ज्याला काम मिळालं त्याला प्रतिवादी करायलाच हवं. सुनावणीआधी कार्यारंभ आदेश निघाला तर दुरुस्ती करून त्यालाही आव्हान द्या, नाहीतर मागे पडलेल्या टप्प्यावरच भांडण चालू राहतं.

एन. जी. प्रोजेक्ट्स प्रकरणात 2022 साली सर्वोच्च न्यायालयाने पायाभूत कामांना स्थगिती देताना हात आखडता ठेवायला सांगितलंय. म्हणून स्थगितीबरोबर पर्यायी मागणीही ठेवा: पुढची प्रत्येक कृती याचिकेच्या निकालाच्या अधीन राहील. त्याने रोलर थांबत नाही, पण 'आमचा खर्च झालाय, आता काही करू नका' हा समोरच्याचा मुद्दा लुळा पडतो. शिवाय दाखल टप्प्यावरच अंतिम सुनावणी मागा. 18 ऑगस्ट 2025 पासून सोलापूर जिल्हा मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे आहे, त्यामुळे तातडीची तारीख घ्यायला मुंबई गाठावी लागत नाही.

कामाचा प्रकारही बघा. पंढरपुरात आषाढीसाठी तात्पुरत्या शौचालयांची निविदा असेल, तर एकादशी सरली की उरतं काय? कचरा उचलण्याचा 5 वर्षांचा ठेका असेल तर दीड वर्षानंतरही याचिका निष्फळ होत नाही. उरलेल्या साडेतीन वर्षांपुरती फेरनिविदा मागता येते. ठेक्याची संपण्याची तारीख याचिकेच्या पहिल्याच पानावर लिहा.