घरामागे शेपूट तोडल्यासारखा काळा साप निघाला, दुतोंड्या आहे का? विषारी असतो का? परत येऊ नये म्हणून काय करू?

तुम्ही लिहिलंय महाबळेश्वरच्या बाजूला राहता, साप वीतभर, काळपट, शेपूट तिरकं तोडल्यासारखं. खापरखवल्या आहे तो. बिनविषारी. आणि दुतोंड्या तर नाहीच, दुतोंड्या म्हणतात मांडुळाला, तो वेगळा आणि त्यालाही तोंड एकच असतं.

उत्तर लिहायला बसलो कारण आमच्या घरी याच प्रश्नावरून एक जीव गेलाय. आमचं गावही घाटमाथ्यावर. मी आठवीत होतो, जुलै महिना, थोरले काका शेणखताचा उकिरडा उकरत होते आणि हा वर आला. काका ओरडले दुतोंड्या दुतोंड्या, आणि घातलं फावडं, तेही डोकं समजून शेपटीवर. त्या बिचाऱ्याने चावायला तोंडसुद्धा उघडलं नाही, नुसतं टोकदार डोकं मातीत खुपसत राहिला. दुसऱ्या घावात पोट फाटलं आणि आतून पाच पिल्लं निघाली, काडीएवढी, दोन तर वळवळत होती. ही जात अंडी घालत नाही, जिवंत पिल्लं देते, हे मला नंतर कळलं. काका म्हणाले, बरं झालं, एका फटक्यात सहा गेले. मी दोन दिवस जेवलो नाही.

आणि ज्या शेपटीवर फावडं पडलं ती काय कामाची असते माहितीये का? तिच्या टोकाला खरखरीत ढालीसारखा खवला असतो, त्याला माती चिकटून बसते आणि साप बिळात शिरला की मागे त्याचंच बूच लागतं. डोक्याने खणायचं, शेपटीने दार लावायचं. खातो काय तर गांडुळं. हे अख्खं कुळ भारतीय द्वीपकल्प आणि श्रीलंका सोडून जगात कुठेच नाही, आणि आपण त्याला उकिरड्यावर ठेचतो.

परत येऊ नये म्हणून काही करू नका. फिनेल, रॉकेल असलं काही मातीत ओतलंत तर आधी गांडुळं मरतील. पावसाळा सरला की तो आपोआप खाली जातो, तुम्हाला दिसणारही नाही.

हां, एक राहिलं, फोटो नसताना मी सांगतोय, त्यामुळे हात लावू नका, मण्यारही काळाच असतो. शंका आली तर सर्पमित्राला नाहीतर वनविभागाच्या १९२६ नंबरला फोन करा.

काका अजून म्हणतात तो विषारीच होता. घरातलं मोठं माणूस फावडं घेऊन धावलं तर तुम्ही मध्ये उभे राहा, मी राहिलो नव्हतो.