वाचकांचे प्रश्न : वाड्यातल्या पट्ट्या, दुपारचं ऊन आणि मानधन

प्रश्न : कॅमेरामन म्हणून पहिलीच स्वतंत्र फिल्म करतोय. जुना वाडा, अठरा दिवस. चाचणीत स्वयंपाकघरातल्या एलईडीखाली चित्रावर आडव्या पट्ट्या सरकतात. सेकंदाला 24 फ्रेम, शटर 180 अंश. बल्ब बदलू का?

उत्तर : आधी शटर बदला. आपली वीज 50 हर्ट्झची, म्हणून असा दिवा सेकंदाला 100 वेळा कमी-जास्त होतो. शटरचा कोन म्हणजे एका फ्रेमच्या वेळेपैकी, 360 अंशांच्या हिशेबात, किती वेळ उजेड आत येतो ते. 180 अंशाला एक्सपोजर 1/48 सेकंद. त्यात ही स्पंदनं पुरी बसत नाहीत. सेन्सर ओळीओळीने वाचला जातो, त्यामुळे उरलेला फरक पट्ट्या होऊन दिसतो. 172.8 अंश ठेवा. मग एक्सपोजर 1/50 सेकंद, बरोबर दोन स्पंदनं. हालचालीतला फरक कुणाच्या लक्षातही येणार नाही.

मात्र दिवा डिमरवर असेल तर त्याची लुकलुक निराळ्याच गतीची असू शकते, आणि छोट्या जनरेटरचे 50 हर्ट्झ लोड बदलला की हलतात. तिथे शटरवर भागत नाही. डिमर काढा, चांगल्या ड्रायव्हरचा (आतल्या वीज नियंत्रित करणाऱ्या सर्किटचा) बल्ब लावा, उजेड बटर पेपरने किंवा जाळीच्या नेटने कमी करा. चाचणी सीनच्या वेळेलाच घ्या, अर्धा मिनिट रेकॉर्ड करा आणि मोठ्या पडद्यावर बघा. छोट्या मॉनिटरवर बारीक पट्ट्या निसटतात.

आणि वाड्याची वायरिंग बघून घ्या. 2 किलोवॉटचा टंगस्टन दिवा 230 व्होल्टवर जवळपास 9 अँपिअर ओढतो. 6 अँपिअरच्या साध्या प्लगवर तो लावायचा नाही.

प्रश्न : भर दुपारी एफ 2.8, म्हणजे लेन्सचं तोंड बरंच उघडं, हवं आहे. व्हेरिएबल एनडी (फिरवून उजेड कमी-जास्त कापणारा काळसर फिल्टर) चालेल?

उत्तर : 800 आयएसओ (सेन्सरची संवेदनशीलता) आणि 1/50 ला साधारण 9 स्टॉप (दर स्टॉपला उजेड निम्मा) कापावे लागतील, म्हणजे एनडी 2.7. एवढ्या टोकाला व्हेरिएबल फिल्टर वाइड लेन्सवर फुलीसारखा काळा डाग पाडतो. ठरावीक घनतेचा, इन्फ्रारेडही अडवणारा एनडी भाड्याने घ्या. नाहीतर काळे कपडे तपकिरी येतात. सीन चारनंतर हलवता आला तर त्याहून उत्तम.

प्रश्न : कॅमेरा माझाच आहे, म्हणून निर्माता भाडं मानधनातच धरा म्हणतो.

उत्तर : धरू नका. शूटिंग चार दिवस लांबलं की कॅमेरा फुकट राबतो आणि लेन्स फुटली तर भुर्दंडही तुम्हालाच. ईमेलवर लिहून घ्या : रोजचे तास, त्यापुढचा दर, रेकीचे (शूटिंगची जागा आधी पाहण्याचे) दिवस, कॅमेऱ्याचं वेगळं भाडं, नुकसानीची जबाबदारी आणि कलर ग्रेडिंगला (शूटिंगनंतर चित्राचा रंग-उजेड ठरवण्याच्या कामाला) तुम्ही बसण्याचे दिवस. बजेट तुटपुंजं असेल तर दर उतरवा, पण ग्रेडिंगचे दिवस सोडू नका. पैसे संपत आले की हे काम कॅमेरामनला न बोलावताच उरकलं जातं, आणि तुम्ही जपून अंधारा ठेवलेला माजघराचा सीन कुणीतरी उजळून टाकतं.